पिवळी अक्षरं

कोल्हापुरात त्या वर्षी लग्नाच्या जुन्या चित्रफितींनी घरोघर भांडणं लावली होती. कारण होतं अधरवाचक. ओठ, गाल आणि गळा यांची हालचाल बघून मुक्या चित्रातलं बोलणं पुन्हा उभं करणारं हे यंत्र फोटो स्टुडिओवाल्यांकडे आलं, आणि लोक आपापल्या फिती घेऊन हौसेनं रांगेत उभे राहिले. बँडच्या आवाजाखाली दबलेली कुजबुज स्वच्छ ऐकू येऊ लागली. अक्षता टाकता टाकता सासूबाई आपल्याबद्दल काय म्हणाल्या होत्या, ते कित्येक सुनांना नातवंडं झाल्यावर कळलं. पुढे व्हायचं तेच झालं.

शालनबाई इंगवले यांना या प्रकाराची भारी मौज वाटे. वय ऐंशीला टेकलेलं, पण जीभ अजून तिखट. "आमच्या लग्नातला फोटोग्राफर जेवून जो झोपला तो वरातीलाच उठला," त्या सांगत, "म्हणून आमचं घर वाचलं."

पण यंत्र त्यांच्याही दारात आलंच. चेन्नईच्या एका कंपनीची अंबुजा राव पडद्याची गुंडाळी काखेत मारून आली. तिला खुर्ची दिली तर ती टोकावर बसली, चहा आला तर उभीच राहिली, आणि बशी हातात घेऊन खिडकीपर्यंत दोनदा जाऊन आली.

"बस की गं पोरी. मुंग्या लागल्यात का खुर्चीला?" शालनबाई म्हणाल्या. "आणि मराठी कुठनं शिकलीस?"

"घरातच, बाई. आम्ही तंजावरचे. पूर्वज मराठी फौजेबरोबर तिकडे गेले ते तिकडचेच झाले. दाराबाहेर तमिळ, दाराआत मराठी."

"मग मला भेटायला साठ वर्षं उशीर केलास तू."

साठ वर्षांपूर्वी शालनबाई एका तमिळ चित्रपटाच्या नायिका होत्या. 'मोट्टै माडी माप्पिळ्ळै', म्हणजे गच्चीवरचा जावई. एका गच्चीवर दोन बिऱ्हाडं कपडे वाळत घालतात, दोरीवरून भांडतात, आणि भांडता भांडता मुलगा-मुलगी प्रेमात पडतात. एवढीच गोष्ट, पण तमिळनाडूनं ती डोक्यावर घेतली. शेवटी नायिका डोळ्यांत पाणी आणून म्हणते, "दोरी तुमची, साडी माझी, आता काय करायचं?" आणि नायक म्हणतो, "दोरी दोघांची करू." हे वाक्य तिकडे अजून लग्नपत्रिकांवर छापतात.

त्यातलं एक अक्षरही शालनबाईंचं नव्हतं. त्यांना तमिळ येत नव्हतं. आवाज मागाहून दुसरीच बाई देणार होती. परभाषेतल्या नट्यांना तेव्हा सांगत, काहीही बोला, ओठ हलले म्हणजे झालं. कुणी आकडे म्हणे, कुणी देवांची नावं. शालनबाई भाज्यांची नावं घेत.

आता कंपनीला या चित्रपटाची 'खऱ्या आवाजाची' आवृत्ती काढायची होती. सेटवर नट खरोखर काय बोलले, ते लोकांना ऐकवायचं. त्यासाठी हयात कलावंताची संमती लागे.

"प्रेमात पडलेली नायिका 'दोडका, पडवळ, कारलं' म्हणते हे ऐकून लोक हसून लोळतील," शालनबाई म्हणाल्या. "दिली संमती."

"शेवटच्या प्रसंगात भाज्या नाहीत, बाई," अंबुजा म्हणाली.

शालनबाईंचा चेहरा उतरला. त्या पदराशी चाळा करू लागल्या. मग हळूच म्हणाल्या, "लाव."

अंबुजानं भिंतीवर पडदा उलगडला. गच्ची, वारा, दोरीवर फडफडणाऱ्या साड्या. एकोणीस वर्षांची शालन समोर बघत बोलू लागली, आणि या वेळी आवाज तिचाच होता:

"तुला यातलं काय बी कळायचं न्हाई, म्हणूनच सांगते. तू मला आवडतोस, तिरुमारन. आई मला उद्याच्या गाडीनं घरी न्यायची म्हणतीय. तू तिला भेट. मला थांबव."

शालनबाईंनी डोळे मिटून घेतले होते. लाज वाटत होती, आणि बरंही वाटत होतं.

"तो काय तरी बोलला, मला वाटलं त्याचं ठरलेलं वाक्य," त्या म्हणाल्या. "आणि शॉट संपला तशी सगळी मंडळी खो खो हसली. मला वाटलं, कुणाला तरी मराठी कळलं आणि आता माझी टर उडवतायत. मी मेकअपसुद्धा पुसला न्हाई. दुसऱ्या दिवशी आईसंगं गाडीत बसले. पुन्हा तिकडं पाऊल टाकलं न्हाई."

"तो ठरलेलं वाक्य बोललाच नाही, बाई."

अंबुजानं पुढचा भाग लावला. तिरुमारन, त्या काळचा लाडका नायक, आता या जगात नसलेला, शालनकडे बघून तमिळमध्ये बोलला. अंबुजानं त्याचं मराठी सांगितलं: "शालन, हे चित्र संपलं की माझ्याशी लग्न करशील?"

शालनबाईंनी डोळे उघडले. मग त्या हसू लागल्या. पदरानं डोळे टिपत, खोकत, पुन्हा हसत. "म्हणजे त्याला हसत होते व्हय ते! त्यानं भर शॉटमधी मागणी घातली, सगळ्यांना कळली, एक मला सोडून! आणि मी पळाले म्हटल्यावर त्याला वाटलं असंल, हिनं नकार दिला. अगं, केवढा हा गाढवपणा!"

त्यांनी सांगितलं की संसार चांगला झाला, नवरा देवमाणूस होता, तक्रार नाही. पण सेटवरचं ते हसू साठ वर्षं कानात राहिलं होतं. आरशासमोर उभं राहिलं की ऐकू यायचं. आज ते पहिल्यांदा थांबलं.

अंबुजा पुन्हा खिडकीशी गेली. कंपनीनं बजावलं होतं, फक्त खाली अक्षरं नसलेली स्वच्छ प्रत दाखव. म्हातारीला आनंद झालाय, संमती मिळालीय, आता गुंडाळी आवरून निघायचं. तिनं बॅगेची चेन लावली. परत उघडली.

"बाई, मी तुम्हाला सगळं दाखवलं नाही."

तिनं तोच प्रसंग पुन्हा लावला. या वेळी खाली अक्षरं उमटत होती. यंत्राला जे स्पष्ट दिसतं ते पांढऱ्यात, जे त्यानं अंदाजानं भरलं ते पिवळ्यात. तिरुमारन बोलू लागला. 'शालन, हे चित्र संपलं की', पांढरं. तेवढ्यात वाऱ्यानं दोरीवरची साडी उडाली आणि त्याच्या तोंडावर आली. 'माझ्याशी लग्न करशील', पिवळं.

"यंत्राला शिकवताना आम्ही हजारो प्रेमपट दाखवले," अंबुजा म्हणाली. "ओठ झाकले गेले की ते तेच बोलतं जे प्रेमपटात बोलतात. आमच्या एका माणसानं तोंडावर टॉवेल धरून 'आज सांबार गार आहे' म्हटलं, तर यंत्र म्हणालं, 'तुझ्याशिवाय मी जगू शकत नाही.'"

शालनबाई उठून पडद्याजवळ गेल्या. साडी उडाली होती तिथंच चित्र थांबलं होतं. कापडाआड एक तोंड, अर्धवट उघडलेलं.

"ही साडी माझीच," त्या म्हणाल्या. "मोरपंखी. आईनं घेतलेली."

"माफ करा, बाई. मी आधीच सांगायला हवं होतं."

"चित्र संपलं की... घरी जाऊन झोप, असं बी म्हणाला असंल. चित्र संपलं की मराठी शिकव, असं बी." त्यांनी साडीच्या कडेवरून हळूहळू बोट फिरवलं, जणू ती बाजूला सारता येईल. "मग ते हसले कुणाला?"

अंबुजा खिडकीकडे वळली. खाली रस्त्यावर कुणाच्या तरी लग्नाच्या फितीवरून आवाज चढले होते.

"माझी अक्षरं कुठल्या रंगात आहेत गं?"

"पांढऱ्या, बाई. सगळीच्या सगळी."

शालनबाईंनी मान हलवली. पडद्यावरच्या त्या झाकलेल्या चेहऱ्यात फक्त डोळे मोकळे होते, आणि ते शालनकडे बघत होते.

"तुझं यंत्र ओठ वाचतं," त्या म्हणाल्या. "मी बोलले तवा त्याचे डोळे बघ जरा. माझं त्याला कळलं होतं का?"