अकरा मिनिटं मागे

दुकानाच्या दारातच दोघींची टक्कर झाली. ती आत शिरत होती आणि पियानोबाई बाहेर पडत होत्या. तिची व्हायोलिनची पेटी त्यांच्या कोपराला लागली, तरी उलट त्यांनीच विचारलं, "तुला लागलं नाही ना गं?" वर गोड हसल्याही. "माझं घड्याळ परत मागे पडलं बघ. आज तर अकरा मिनिटं! शिकवणी संपता संपत नाही." एवढं बोलून त्या अत्तराचा वास दारात ठेवून निघून गेल्या.

तिच्या अंगाचा तिळपापड झाला. बाई पियानो शिकवायच्या, म्हणून पियानोबाई. हे नाव तिनेच ठेवलं होतं, मनातल्या मनात, दातओठ खात.

त्या दुकानातली घड्याळं नुसत्या चावीवर चालत नसत. चावी दिली की मागचं झाकण उघडायचं आणि स्प्रिंगला सूर पाजायचा. स्प्रिंग सूर पिते, आणि वाजवणाऱ्याचं मनही पिते. हे मामांनी तिला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. मामा म्हणजे दुकानाचे मालक, आणि तिथल्या तरुण कारागिराचे सख्खे मामा. "ही वेळ कधी एकदा संपते असं वाटणाऱ्याच्या हातचं घड्याळ पुढे पळतं. संपूच नये असं वाटणाऱ्याच्या हातचं मागे पडतं. तेव्हा पोरी, मन जागेवर ठेवून वाजवायचं."

वर्षभर ती सूर पाजत होती आणि तो, म्हणजे कारागीर, घड्याळं दुरुस्त करत होता. सगळं सुरळीत चाललं होतं. मग महिन्याभरापूर्वी एका गुरुवारी पियानोबाई आपलं घड्याळ घेऊन आल्या आणि त्याच्या कुठल्याशा फुटकळ विनोदावर खळखळून हसल्या. त्या गेल्यावर तो म्हणाला, "एवढ्या घड्याळाला सूर पाजतेस?"

"मला वेळ नाही. तूच पाज," ती फणकारली.

त्याने माउथ ऑर्गन काढला आणि कसाबसा सूर पाजला. पुढच्या गुरुवारी घड्याळ चार मिनिटं मागे होतं. त्याच्या पुढच्या गुरुवारी सात. आणि आज अकरा! तो त्या बाईत रमला होता, आणखी काय!

ती आत गेली. तो शीळ घालत पियानोबाईंच्याच घड्याळाचं झाकण उघडत होता. तिने पेटी टेबलावर आपटली. खिशात मनोऱ्यावरून आलेलं पत्र होतं. बंदरावरच्या मोठ्या घड्याळाला सूर पाजणारी हवी होती, आणि आज उत्तर द्यायचं होतं.

"मी मनोऱ्यावरच्या नोकरीला हो म्हणतेय," ती म्हणाली.

त्याच्या हातातला स्क्रू निसटला, टेबलाखाली घरंगळत गेला. तो उचलायला वाकलासुद्धा नाही.

"कधीपासून?"

"सोमवारपासून."

"म्हणजे... घाई खरीच होती तुला."

"कसली घाई?"

"तू गुरुवारी सूर पाजलेली घड्याळं हल्ली पाच-पाच मिनिटं पुढे पळतात. मामांना कळू नये म्हणून मीच काटे मागे घेतो." त्याचा चेहरा उतरला होता. "गुरुवारी बाहेर कुणीतरी थांबतो ना तुझ्यासाठी? कोण आहे तो?"

"माझं कुणी नाही! मला घाई असते ती बाई एकदाची टळावी याची!" बोलून गेल्यावर तिने जीभ चावली.

"कोण बाई?"

"आता साळसूदपणा पुरे. चार, सात, अकरा! मामांचा नियम मलाही पाठ आहे."

मग ओठांच्या एका कोपऱ्यातून त्याचं हसू सुरू झालं. ते हसू तिला नेमकं नको तेव्हा आवडायचं.

"मी सूर पाजतो कधी?"

"ती गेल्यावर."

"तेव्हा इथे कोण असतं?"

"कुणी नसतं. मामा चहाला जातात. फक्त मी—"

ती थांबली.

"पहिल्या गुरुवारी तू खिडकीशी बसली होतीस," तो हळूच म्हणाला. "चार मिनिटं. दुसऱ्या गुरुवारी कपाटाशी. सात. आणि गेल्या गुरुवारी..."

"तुझ्यासमोर," ती तोंडातल्या तोंडात म्हणाली. त्याच्यावर पहारा ठेवायलाच बसली होती ती!

"समोर. मान वर केली की तूच... सूर संपवावासाच वाटेना." त्याने माउथ ऑर्गन उगाचच पुसला. "तू मला आवडतेस. वर्ष झालं. सांगायचं म्हटलं की मी काहीतरी दुरुस्त करत बसतो."

तिच्या कानांच्या पाळ्या गरम झाल्या. आनंदाने रडू येईल असं वाटलं. आणि तेवढ्यात तिच्या डोक्यात काहीतरी लखकन चमकलं.

"थांब. म्हणजे ती अकरा मिनिटं माझी होती?"

"तुझीच."

"आणि तू ती तिच्या घरी धाडलीस? तिच्या भिंतीवर टांगलीस?"

"अगं, घड्याळ त्यांचं—"

"मिनिटं माझी! ती चार, ती सातसुद्धा. बावीस झाली. मला परत हवीत."

"देतो की." तो आता उघड उघड हसत होता. "पण मनोऱ्याचं काय?"

तिने पत्राची घट्ट घडी केली आणि डुगडुगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सरकवली. टेबल पहिल्यांदाच स्थिर उभं राहिलं.

तेव्हापासून पियानोबाईंच्या घड्याळाला मामा सूर पाजतात. त्यांचं मन कुणातच अडकलेलं नसल्यामुळे ते घड्याळ चोख चालतं. बाई अजूनही गुरुवारी खळखळून हसतात, आणि तिचा अजूनही थोडा जळफळाट होतोच.

तिच्या घरी मात्र भिंतीवर एक नवं गोल घड्याळ आलं आहे. ते बरोबर बावीस मिनिटं मागे चालतं. "घड्याळाच्या दुकानात नोकरी करतेस आणि घरात हे असलं ध्यान!" आई रोज करवादते. "आज घेऊन जा आणि नीट करून आण."

"आई, त्याला हात लावायचा नाही," ती ओरडते, आणि एका पायात चप्पल अडकवत, उशीर झालेला असूनही हसत, दुकानाकडे पळते.