बॅरिस्टरांचं पहिलं कलम

या रे पोरांनो, हीटरजवळ सरका. ही आमच्या शेजारच्या शशिकांतची गोष्ट, इथलीच, लीड्समधली. एक्क्याण्णव सालच्या फेब्रुवारीतली सात तारखेची रात्र. बाहेर हा बर्फ!

शशिकांत हॉस्पिटलात एक्स-रे काढायचा. तिथं वॉर्डात खिनआजी शेवटच्या घटका मोजत होत्या. ब्रह्मदेशच्या त्या. त्यांचा नवरा बॅरिस्टर. लढाईत जपान्यांनी ब्रह्मदेश घेतला आणि वर म्हणाले, "तुमची घटना लिहा." त्या मसुद्यात बॅरिस्टरांनी पहिलंच कलम घातलं, 'सत्ता लोकांची.' जपानी अधिकाऱ्यानं तांबड्या पेन्सिलीनं ते खोडलं. बॅरिस्टर त्यावर जन्मभर झुरले.

"त्यांच्या टाइपरायटरवर स्वच्छ लिहून आण रे," खिनआजींनी घराची किल्ली दिली. "एकदा न खोडलेलं ऐकव. मग मी सुटले."

शशिकांत बाबासाहेबांना मानणारा. घटनेला नाही कसा म्हणेल?

"अहो, एका ओळीसाठी बर्फात निघालात?" त्याची बायको शैला म्हणाली.

"एकच ओळ ना? जेवायला येतोच."

कसला येतोय! ओळ टाइप केली, किटली लावून परतला, तर ओळीवर तांबडी रेघ. घरात तांबडी पेन्सिल नाही. दुसरा कागद घातला. नुसती नजर वळली... रेघ. तिसरा. चौथा. भुतंखेतं तो मानत नाही, त्यामुळे भीती नाही, नुसता संताप. शेवटी कागदच संपले.

"अरे, लढाई संपली! जा की आपल्या घरी!" तो त्या न दिसणाऱ्या जपान्यावर ओरडला.



खोली गार पडली. खुर्चीमागं बूट वाजले. जवळ आले... थांबले.

मागं वळवेना.

"कागदावर खोडतोस काय?" तो दातओठ खात म्हणाला. "आता तोंडानंच सांगतो. खोड बघू!"

मागं कुणीतरी श्वास घेतला... मग काहीच नाही.

उजाडताच वॉर्ड गाठला. आजींच्या कानाशी वाकून ते कलम म्हटलं. आजींनी त्याचा हात दाबला. हसल्या. डोळे मिटले, ते मिटलेच.

पांघरूण सारखं करता करता नर्स थबकली. "शशी... गळ्याला काय झालं तुझ्या?"

त्यानं आरशात पाहिलं. गळ्यावर आडवी, सरळ रेघ. तांबडी. दुखत नव्हती. साबणानं जाईना. शैलानं घासघास घासली... जाईना.

उन्हाळ्यात बारबेक्यूला भर उन्हात तो गळा झाकणारा पोलोनेक स्वेटर घालून आला, आणि तुम्ही पोरं हसलात ना?