ती रडली होती

ही गोष्ट खरी आहे. पटली नाही तर सोडून द्या, मी वाद घालणार नाही. तेवढी ताकद उरलेली नाही.

आणि रात्र वगैरे काही नव्हती. भर दुपार होती. जन्म-मृत्यू नोंदणीचं कार्यालय, दुसरा मजला, खिडकीसमोर एक डुगडुगणारं बाक. त्यावर मी आणि माझी ताई.

मी पंखे आणि मोटारी दुरुस्त करतो. कुठला आवाज कशाचा, हे ओळखण्यावर माझं पोट चालतं. हे आधीच सांगून ठेवतो.

त्याच्या तीन वर्षं आधी ताईला मुलगी झाली होती. डॉक्टर म्हणाले, मेलेलीच जन्मली. ताई म्हणाली, नाही, रडली होती.

एकदाच.

कोणी मानलं नाही. भावजी म्हणाले, "आता हा विषय घरात नको." ताईने पुन्हा काढला नाही. तिला फक्त एक कागद हवा होता. मुलीच्या जन्माच्या दाखल्याची नक्कल.

"मी आई झाले होते, एवढं तरी कुठेतरी लिहिलेलं असू दे," म्हणाली. म्हणून मी दुकान बंद करून तिच्यासोबत गेलो.

खिडकीवरच्या बाई निवृत्तीला आलेल्या, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला. स्वभावाने वाईट नव्हत्या.

"नक्कल कशाची देऊ? मूळ नोंदच नाहीये," त्या म्हणाल्या. "अहो, बाळ मेलेलं जन्मलं तर जन्माचा दाखला निघत नाही. रडलं असेल तरच."

"रडली होती."

"तुमच्याशिवाय कोणी ऐकलं?"

ताईने माझ्याकडे पाहिलं. बाळंतपणाच्या दिवशी मी दवाखान्यात खाली औषधांच्या रांगेत उभा होतो. मी काय ऐकणार?

"ऐकणारा एक तरी माणूस आणा," बाई म्हणाल्या. "आत्ता नोंद करते. मला काय खिशातून द्यायचंय?"

जेवणाची सुट्टी झाली. बाकीचे खाली गेले. बाईंनी टेबलावरच डबा उघडला. मी ताईला दोनदा म्हटलं, "चल ना." ती उठेना. मांडीवर हात ठेवून नुसती बसून राहिली.

मग वीज गेली. पंखा घरघरत थांबला...

बाईंनी डब्याचं झाकण खाली ठेवलं, त्याचासुद्धा दचकायला व्हावं एवढा आवाज झाला.

आणि मग...

रडणं.

तान्ह्या बाळाचं. बारीक.

आतल्या खोलीतून येत होतं. जुनी दप्तरं ठेवायची खोली. दाराला कुलूप.

मांजर असेल? मांजर असं मध्येच श्वास घ्यायला थांबत नाही. नळ नव्हता. पंख्याचं बेअरिंग नव्हतं. वीजच नव्हती.

बाईंचा घास हातातच राहिला. "कोणाचं पोर आहे आत?" त्या ओरडल्या. किल्ली घेऊन धावल्या, कुलूप काढलं. मी मागोमाग.

कपाटं. धूळ. कोणी नाही.

आवाज बंद झाला. आम्ही वळलो...

आणि तो पुन्हा आला. आता बाकावरून. ताईच्या मांडीवरून.

मांडी रिकामी होती.

ताई हसत होती. तीन वर्षांत पहिल्यांदा. "ऐकलंत ना?" तिने बाईंना विचारलं.

बाई घामाने डबडबल्या होत्या. खुर्चीत बसल्या, नोंद केली, साक्षीदार म्हणून स्वतःचं नाव घातलं. नक्कल हाताने लिहून, शिक्का मारून दिली.

इथेच संपलं असतं तर मी ही गोष्ट आनंदाने सांगितली असती.

त्या संध्याकाळपासून ताईच्या घरात रडणं सुरू झालं. दिवसा, जेवताना, कधीही. शेजारीण बाळाला बघायला म्हणून आली आणि उंबऱ्यावरूनच परत फिरली. भावजींनी आठवडाभर कळ काढली, मग बॅग भरून निघून गेले. ताई जेवायची नाही, झोपायची नाही. नुसती थोपटत बसायची. तिची हाडं वर आली. मला बघवत नव्हतं.

मी पुन्हा त्या खिडकीवर गेलो. एकटा.

"बाई, पाया पडतो, मृत्यूची नोंद करा. म्हणजे हे थांबेल तरी."

बाईंच्या दोन्ही कानांत कापसाचे बोळे होते. मला पुन्हा बोलावं लागलं.

"कशावरून करू?" त्या म्हणाल्या. "मी तर तिला रडताना ऐकलंय." मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "अजून ऐकते. घरी. तुम्ही नाही ऐकत?"

ऐकतो ना. दुकानातल्या सगळ्या मोटारी एकदम चालू करतो, तरी ऐकतो. पण त्यांना ते सांगवलं नाही.

याला आता वर्ष झालं. मध्यंतरी रडणं अचानक बंद पडलं. मला वाटलं, सुटलो.

काल ताईने बोलावून घेतलं. एवढीशी झालीय ती.

"दाखल्याची अजून एक नक्कल आण," म्हणाली. "चार वर्षांची झाली. शाळेत घालायचंय."

मी चपला पायात सरकवल्या.

"आणि तिलाही ने सोबत, घरात कंटाळते. रस्त्यात हात धर हं. पळते ती."

ताईचं मन मोडवेना. ती दारातून बघत होती, म्हणून डावा हात खाली, बाजूला धरला. नुसतं नाटक.

चौकात रस्ता ओलांडताना मूठ मिटायला गेलो...

मिटली नाही. आत काहीतरी होतं. मऊ. कोमट.

खिडकीवर बाईंनी काही विचारलं नाही. माझ्या शेजारी, खाली, एकदा पाहिलं आणि शिक्का मारला.

ताईच्या दारात पोचल्यावर मी हात सोडला. निदान मी तरी सोडला.

आज दुकानात बसून हे एका हाताने लिहितोय. डाव्या हाताची मूठ अजून मिटत नाहीये.