गच्चीवरचं निळं पिंप

"शी! मी नाही शिरणार त्यात!" गौरव नाक दाबून ओरडला.

"शिरावंच लागेल! तू पकडलेला समुद्री चाचा आहेस," श्रावस्ती पुस्तक नाचवत म्हणाली. "सहाशे वर्षांपूर्वी बाल्टिक समुद्रात चाचे सापडले, की त्यांना पिंपात कोंबायचे. नुसतं मुंडकं बाहेर!"

आखाती देशातल्या उम्म अल हस्सम वस्तीतल्या त्या गच्चीवर सुट्टीतल्या नाटकाची तालीम चालली होती. जुलैचं ऊन आणि वर ती घाण! आठवडाभर अख्ख्या बिल्डिंगमध्ये सडका वास भरला होता. आणि दोष कुणाला? श्रावस्तीच्या आईला, कांताबाईंना! त्यांनी गावाहून सुके बोंबील आणले होते ना! गौरवचे बाबा दत्तप्रसाद पक्के शाकाहारी. ते तर बोंबील यायच्या आधीपासूनच कांताबाईंच्या दारावरून नाकाला रुमाल लावून जायचे. त्यांनी तक्रार केली आणि वॉचमन नजीब सकाळीच कांताबाईंना सांगून गेला, "मालिक बोला, शाम तक बदबू खलास, नहीं तो फ्लॅट खाली करो।"

श्रावस्तीचा भाऊ रुपेश पुस्तकात डोकावला. "ताई, हे लोक सुका मासा महिनोन्‌महिने जहाजावर ठेवायचे! कडक वाळलेला मासा सडत नाही. मग हे काय सडलंय?"

तिघांनी पिंपाकडे पाहिलं. रुपेशने काठीने झाकण उडवलं. माश्यांचा थवा उठला. आत फुटका खोका, फुगलेले मासे आणि वळवळणाऱ्या अळ्या! गौरवला ओकारीच आली.

खोक्यावरची एक चिठ्ठी झाकणाच्या आत चिकटली होती. गौरवने ती वाचली आणि मुठीत चुरगळली.

"काय आहे?"

"नथिंग!" तो म्हणाला. मग कांताकाकूंचं सामान रस्त्यावर आलेलं त्याच्या डोळ्यांपुढे आलं. त्याने मूठ उघडली. "'डिअर दत्तप्रसाद, फ्रेश हमूर फॉर युअर फॅमिली.' इट्स माय डॅड!"

संध्याकाळी त्याने चिठ्ठी सगळ्यांसमोर वाचली. दत्तप्रसाद घामाघूम झाले.

"ऑफिसच्या साहेबांनी हे हमूर मासे प्रेमाने दिले, नाही कसं म्हणणार? घरात कसे नेणार? नजीबला द्यायचे म्हणून वर पिंपात ठेवले आणि विसरलोच!"

"आणि रुमाल आमच्या दारावर!" श्रावस्ती कडाडली. "अळ्यांपेक्षा त्याचीच किळस येते, काका!"

"चाच्याला शिक्षा काय?" रुपेशने विचारलं.

"पिंप!" गौरव म्हणाला. "बाबा, तुम्हीच धुवायचं!"

दत्तप्रसादांनी ते तीनदा घासलं. नाक दाबायला हात मोकळा नव्हता.

"शाबाश बच्चो!" नजीब म्हणाला. कांताबाईंनी गौरवला जवळ घेतलं. "बापाचं नाव वाचायला छाती लागते, पोरा!"

दुसऱ्या दिवशी कांताबाईंनी बोंबील भाजले. दत्तप्रसाद दारावरून निघाले. त्यांचा हात रुमालासाठी खिशात गेला. दारात तिघं उभी होती. हात तसाच रिकामा बाहेर आला.