ओठ तिचे

आभाळ अवेळी भरून आलं, तेव्हा रचना थळच्या किनाऱ्यावर वाळत घातलेले बोंबील काढत होती. एकटीचे हात पुरेनात. तेवढ्यात पाठीवर कॅमेऱ्याची बॅग टाकलेला एक तरुण वाळूतून धावत आला नि न विचारताच पलीकडच्या दोरीवरचे बोंबील ओढू लागला. तिनं कपाळाला हात लावला. मग जबड्यात जबडा अडकवून टांगलेली बोंबलांची जोडी कशी सोडवायची ते त्याला दाखवलं... नुसतं डोळ्यांनी, बोटांनी.

सर कोसळायच्या आत टोपल्या पत्र्याखाली आल्या.

"बोलता येत नाही का तुम्हाला?" त्यानं जपून विचारलं.

"येतं. पन लोकांना ऐकवत न्हाय."

आवाज फाटका होता, अर्धा नुसता वाराच. गळ्यातली गाठ काढली तेव्हापासूनचा. ठरलेली सोयरीकही त्यावरूनच मोडली होती. तेव्हापासून रचना मानेनंच हो-नाही करायची.

तो मात्र हसला नाही, कळवळलाही नाही. "मी मितेश. पनवेलचा," एवढंच म्हणाला.

मितेश एका ब्रिटिश नटीवर लघुपट करत होता. आयरिस वेल्डन तिचं नाव. लहानपणापासून लंडनच्या रंगभूमीवर वाढलेली, पुढे मूकपटांत गाजलेली. तिची गोष्ट सांगायच्या निमित्तानं तो रोज थळला येऊ लागला.

"मग बोलपट आले," एकदा चहा पिताना तो म्हणाला. "कंपनीला तिचा आवाज जाडाभरडा वाटला. पडद्यावर ओठ तिचे, शब्द दुसरीचे. तिला ते थेट थिएटरात कळलं."

"मंग?"

"मग तिनं कामच सोडलं. समुद्रकाठच्या गावात खानावळ चालवत म्हातारी झाली."

"वंगाळ केलं तिच्याशी."

"म्हणून तर फिल्म करतोय. तिचं काम... तू करशील?"

"मी गोरी न्हाय."

"फिल्म काळी-पांढरी आहे. आणि तुझ्या डोळ्यांना कुठला रंग लागतोय?"

रचनानं मान खाली घातली, पण कान तापले ते तापलेच.

काशीदच्या सुरूच्या बनात चित्रण झालं. लांब झगा वाऱ्यानं उडायचा, मितेश गुडघ्यावर बसून त्याची किनार दगडाखाली दाबायचा आणि उठताना उगाच वेळ लावायचा.

"अजून बोल ना," तो म्हणायचा.

"कशाला?"

"आवडतो मला."

"काय?"

"आवाज."

"नुस्ता आवाजच?"

तो घाईनं कॅमेऱ्याला डोळा लावायचा. समुद्र गाजत राहायचा.

शेवटच्या प्रसंगात म्हातारी आयरिस लाटांकडे पाहून एकच वाक्य बोलते— 'मी अजून इथंच आहे.' रचना ते आपल्या फाटक्या आवाजात बोलली. मितेशचे डोळे भरून आले. तिला वाटलं, या माणसापुढे जन्मभर बोलता येईल.

अलिबागच्या एका स्पर्धेत लघुपट दाखवला त्या संध्याकाळी ती आईची जरीची साडी नेसून गेली होती. शेवटचा प्रसंग आला. पडद्यावर तिचे ओठ हलले... आणि भलत्याच कुणाचा गोड, गोल आवाज सभागृहात घुमला.

टाळ्या थांबायच्या आत ती बाहेर पडली. मितेश मागोमाग आला.

"स्पर्धेवाले म्हणाले, शब्द कळत नाहीत. रचना, ऐक तरी..."

"इचारलं असतंस, तर मी हो म्हनले असते."

"भीती वाटली. नाही म्हणालीस तर?" तो घुटमळला. "माझं प्रेम आहे तुझ्यावर. लग्न करशील माझ्याशी?"

हेच शब्द ऐकायला ती किती दिवस झुरली होती.

"माझंपन हाय. आतापन हाय," ती म्हणाली. तो पुढे सरकला, तशी ती मागे झाली. "पन उद्या तुझ्या घरी पाव्हनं आलं, तर माझ्या जागी कोन बोलंल रं?"

मितेशची नजर सभागृहाच्या दाराकडे वळली. ती उत्तरासाठी थांबली होती. खरंच थांबली होती. मग वळून रिक्षाथांब्याकडे चालू लागली.

थळला जाणाऱ्या रिक्षात शेजारच्या वेणूबाई होत्या. रिकामी पाटी मांडीवर घेऊन त्या बाजारातून परतत होत्या.

"काय झालं गो?" त्यांनी विचारलं.

रचनानं मान हलवली नाही. ती बोलू लागली. फाटत, अडकत, मध्येच श्वास घेत. रिक्षावाल्यानं गाणं बंद केलं. वेणूबाईंनी तिचा हात हातात घेतला, आणि थळ येईपर्यंत ती बोलत राहिली.