वेणू, धारची

"काका, नका ना चढवू त्यांना बसमध्ये!" श्रुती ओरडली.

उज्जैनच्या देवास गेट बसस्टँडवर पाहुण्यांना निरोप देऊन निघताना श्रुतीला आणि तिच्या धाकट्या भावाला, अनयला, ही आजी बाकावर एकटीच दिसली होती. विचारलं, तर एवढंच म्हणाली, "मी वेणू. धारची." शैलेंद्रकाकांनी लगेच धारचं तिकीट काढलं.

"धारची आहे, धारला जाईल. तिथे कुणीतरी ओळखेलच!"

"आणि नाही ओळखलं तर?" श्रुतीने आजीच्या पायांकडे बोट दाखवलं. "काका, त्या अनवाणी आहेत. बोटांना कणीक लागलीय, तीही ओली! धारहून येईपर्यंत ती वाळली नसती का?"

"झाली हिची जासूसी सुरू!"

"चलो धारवाले, जल्दी करो!" कंडक्टरने हाक दिली. आजी बसकडे निघालीसुद्धा!

अनय पळत जाऊन बसच्या पायरीवरच घोटा धरून बसला. "भैया, दो मिनट! पाँव में मोच आ गई!"

"अभी तो दौड़ के आया!"

"तभी तो आई!"

श्रुतीने मनातल्या मनात महाकाळाला हात जोडले. वेणू... आईचंही माहेरचं नाव वेगळंच होतं की! लग्नात बाबांनी ताटातल्या तांदळात नवं नाव लिहिलं होतं. आजी माहेरचंच नाव सांगत असेल तर? मग सासर कुठलं?

ती आजीपुढे वाकली. "आजी, नाव घ्या ना!"

आजी चक्क लाजली. पदर सावरून म्हणाली,

"क्षिप्रेच्या पाण्यात सोडला दिवा,
यज्ञेश्वररावांच्या संसारात सौख्याचा ठेवा."

"क्षिप्रा! म्हणजे सासर इथलंच! काका, उज्जैनमध्ये यज्ञेश्वर नावाचं कोण आहे?"

काकांचा चेहरा उतरला. "फ्रीगंजमधले यज्ञेश्वर सर! मला गणित शिकवायचे. अरे देवा, बाईंना मी ओळखलंच नाही!"

एका शाळासोबत्याकडून नंबर घेऊन त्यांनी फोन लावला. बस निघून गेली. तेच सर असतील ना? श्रुतीने आजीचा हात घट्ट धरून ठेवला.

रिक्षा थांबली. काठी टेकत सर उतरले. "अहल्या! अगं, सकाळपासून आख्खं फ्रीगंज तुझ्या नावाने हाका मारतंय!"

आजीने तोंड फिरवलं. सर मटकन बाकावर बसले. "हल्ली सगळं विसरते. आता मलाही..."

"सर, वेणू म्हणून बघा," श्रुती हळूच म्हणाली.

सर आजीकडे वळले. ते नाव लग्नात त्यांनीच तर बदललं होतं.

"वेणू... घरी यायचं ना?"

आजीने वळून पाहिलं. "इतका उशीर? कधीची वाट बघतेय!"

काकांनी ओशाळून धारचं तिकीट दाखवलं. सरांनी चष्मा पुसला. "शैलेंद्र, तू अजून तसाच! पेपर न तपासताच देऊन मोकळा!" मग त्यांनी दोन्ही मुलांच्या डोक्यावर हात ठेवले. "शाबास! तुम्हाला पैकीच्या पैकी!"