तीनदा पुकारले, गैरहजर

बसा नीट. टेबलावरचा दिवा असू दे. बाहेर ऊन असलं तरी ही खोली दुपारीही अंधारीच असते. समोर टॉवर उभा राहिला, आणि आमच्या वाटणीचा सूर्य तिकडच्या बावीस मजल्यांना गेला.

तर सांगतो. त्या शनिवारी सकाळी मी जिवंत असल्याचं सिद्ध करून आलो. नोव्हेंबरात आम्हा पेन्शनरांना हे दरवर्षी करावं लागतं. मुलुंडच्या बँकेतल्या मशीनने माझा अंगठा चार वेळा नाकारला, पाचव्यांदा मान्य केला. काउंटरवरची मुलगी म्हणाली, "झालं काका, आहात तुम्ही." इतक्या ठामपणे मला हे आजवर कोणी सांगितलं नव्हतं. खुशीत एक वडापाव खाल्ला, नाहूरला घरी आलो आणि शर्ट इस्त्रीला टाकला. चार वाजता माझा कार्यक्रम होता.

आमच्या सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर श्रुतिका राहते. ती गाजलेल्या जुन्या खटल्यांवर पॉडकास्ट करते. म्हणजे ती बोलते आणि लोक भांडी घासताना खून ऐकतात. तिला कुठून तरी कळलं, की बदामी बंगल्याचा खटला चालला त्या कोर्टात मी कारकून होतो. कुठलं कोर्ट ते सांगत नाही. पेन्शन अजून तिथूनच येते. तिने मुलुंडच्या एका वाचनालयाच्या वरच्या हॉलमध्ये माझी जाहीर मुलाखत ठेवली.

बदामी बंगला तुम्हाला माहीत नसणार. साल एक्याऐंशी. अंधेरीतल्या एका बंगल्यात मालकीणबाई मेलेल्या सापडल्या आणि स्वयंपाकी काशीराम पकडला गेला. पुढचे सात महिने अर्धी मुंबई आपापल्या स्वयंपाक्याकडे बघत बघत जेवली. कोर्टात रोज जत्रा. बायका विणकाम घेऊन यायच्या, पुरुष आजारपणाची रजा टाकून. एक गृहस्थ तर डॉक्टरची साक्ष चालू असताना शेजाऱ्याला डब्यातली कोबीची भाजी वाढत होते. काशीरामच्या मिशा कोरीव होत्या. सलूनवाल्यांनी महिनाभर तशाच मिशा कोरून दिल्या. तो सुटणार की लटकणार यावर पैजा लागत. तो माणूस आहे, यावर मात्र कोणाचंच काही म्हणणं नव्हतं.

काशीराम एवढंच सांगत होता, की त्या रात्री तो बंगल्यात नव्हता. बहीण आजारी म्हणून वेसाव्याच्या हरेश्वर कोळ्याच्या होडीतून तो मढला गेला होता. बहीण तर आठवड्यात वारली. उरला साक्षीदार एकच, हरेश्वर. ठरल्या दिवशी दुपारी पावणेतीनला त्याच्या नावाचा पुकारा झाला. तो आत आला नाही. बचावाचा पुरावा तिथेच संपला. काशीरामला जन्मठेप झाली आणि सातव्या वर्षी तो तुरुंगातच वारला.

हॉलमध्ये मी इथवर सांगितलं. साठेक माणसं होती. आता डबे नव्हते, फोन होते, एवढाच फरक. श्रुतिकाने पडदे ओढून घेतले होते, वातावरणासाठी म्हणे. माझ्या टेबलावर एक छोटा दिवा आणि तिचं रेकॉर्डिंगचं यंत्र. प्रश्नही ठरलेलेच आले. काशीराम दिसायला कसा होता, बाईंच्या अंगावर दागिने किती होते.

मग दुसऱ्या रांगेतून एक बाई उभ्या राहिल्या. छप्पन्न-सत्तावन्नच्या, हातात कापडी पिशवी.

"मी सुगंधा. काशीराम माझे वडील."

तीन-चार फोन वर आले.

"मी बारा वर्षांची होते. आईबरोबर रोज यायचे कोर्टात. हरेश्वरमामा आमच्याकडे यायचा, मला खांद्यावर घ्यायचा. त्याने पैसे खाल्ले, असं आई मरेपर्यंत म्हणत होती. मला एवढंच सांगा... तो का आला नाही?"

उत्तर माझ्याकडे चव्वेचाळीस वर्षं तयार होतं. दिलं मात्र दुसरंच.

"नोंद आहे बाई. तीनदा पुकारले, गैरहजर."

तेव्हा वास आला. ओल्या दोरखंडाचा, खाऱ्या पाण्याचा. मुलुंडमध्ये वास पुष्कळ येतात, पण हा तिथला नव्हे. शेवटच्या रांगेत, दाराजवळच्या खुर्चीवर कोणीतरी बसलं होतं. चेहरा दिसत नव्हता. पाठ ताठ, दोन्ही हात गुडघ्यांवर. कार्यक्रमाला आलेला माणूस असा बसत नाही. कोर्टाच्या बाकावर नंबराची वाट बघणारा बसतो.

पाणी प्यायलो आणि खरं ते सांगितलं.

पुकारा तीनदा करायचा असतो. आमचा पट्टेवाला कुंडलिक दारात उभा राहून करायचा. त्या दिवशी दारात इतकी गर्दी होती, की लोक त्याच्या खांद्यावरून आत डोकावत होते. त्याने दोनदा नाव घेतलं, कोणाशी तरी भांडला, आणि वळून माझ्याकडे बघत नकारार्थी मान हलवली. मी लिहिलं, "तीनदा पुकारले, गैरहजर." तसंच लिहायचं असतं. बोटांना सवय असते. हाका मोजायची सवय कानांना नसते.

पाच वाजता गर्दी गेली, तेव्हा व्हरांड्यातल्या बाकावर एक काळासावळा माणूस बसलेला दिसला.

"सायेब, माजा नंबर कवा?"

नाव विचारलं. हरेश्वर.

"अरे, दुपारी तुला हाक मारली. ऐकली नाहीस?"

"आयकली ना. दोन आयकल्या. तिसरीची वाट बगतंय."

तुम्हाला हसू येईल. मला आलं नाही. मी मालवणचा. कातरवेळी बाहेरून नावाने हाक आली, तर आई माझ्या तोंडावर हात ठेवायची. पहिल्या दोन हाका कोणाच्याही असू शकतात. तिसरी माणसाचीच असते, ओ तिलाच द्यायची. कुंडलिक घाटावरचा, त्याला हे ठाऊक नव्हतं. मला ठाऊक होतं.

जज्जसाहेब अजून चेंबरमध्ये होते. एक शब्द बदलायचा होता, तीनदाचा दोनदा. पण मग खोटी नोंद कोणी केली, हा प्रश्न आला असता. माझ्या नोकरीला अकरा महिने झाले होते, कायम व्हायला एक बाकी होता. मी म्हणालो, "उद्या बघू." दुसऱ्या दिवशी वकिलांची भाषणं सुरू झाली. हरेश्वर काशीरामच्या वकिलाला भेटला. वकील म्हणाला, नोंद तीनदाची आहे, तू खोटारडा आहेस. तरी निकाल लागेपर्यंत हरेश्वर रोज येऊन त्याच बाकावर बसत होता. मी मागच्या जिन्याने जायला लागलो. पुढल्या वर्षी त्याची होडी रिकामी परत आली, असं ऐकलं.

माझं बोलणं संपलं. सुगंधाबाई उभ्याच होत्या. शिव्या देतील म्हणून मी खाली मान घातली होती.

"म्हणजे... मामा आला होता?"

"आला होता. पाच वाजेपर्यंत बाकावर बसून होता त्या दिवशी."

त्यांनी पदराने डोळे पुसले. आणि म्हणाल्या, "मग ती तिसरी हाक मारा ना."

"आता?"

"राहिलीय ना ती."

मी उभा राहिलो. गळ्याचं बटण लावलं. उभ्या नोकरीत कधी पुकारा केला नव्हता, ते काम पट्टेवाल्याचं.

"हरेश्वर धाकल्या कोळी... हाजिर हो!"

मागे कोणीतरी फिस्सकन हसलं. मग ती खुर्ची करकरली. ओली पावलं... चपलांशिवायची, सावकाश... मधल्या वाटेने पुढे येऊ लागली. वाटेत कोणी दिसत नव्हतं. दुसऱ्या रांगेशी ती आली, तेव्हा सुगंधाबाईंनी मुकाट पिशवी आणि पाय आत घेतले, आपण कोणाला वाट देतो तसे. पावलं माझ्या डाव्या हाताला येऊन थांबली. आमच्या कोर्टात साक्षीदाराचा पिंजरा तिकडेच होता.

मग वास गेला. श्रुतिकाने दिवे लावले. खाली बटाट्याची भजी होती, तिकडे सगळे धावले. एकाने मला जिन्यात गाठून विचारलं, "पण काका, मग खून केला कोणी?" मी म्हटलं, "भजी गार होतायत."

सुगंधाबाई पायाच पडणार होत्या, मी पडू दिलं नाही. म्हणाल्या, "आज घरी जाऊन आईच्या फोटोला सांगते." त्या रात्री मला चव्वेचाळीस वर्षांतली पहिली बिनस्वप्नाची झोप लागली. तेव्हापासून मजेत आहे. भूक लागते. वजन दोन किलोनं वाढलंय. खरं बोलण्याचे फायदे आधी कळले असते, तर नोकरीत असतानाच एखाददुसऱ्या वेळी बोललो असतो.

चार दिवसांनी श्रुतिका रेकॉर्डिंग घेऊन आली.

"काका, हे ऐका. झकास आलंय, पण यातले शेवटचे आवाज मी घातलेले नाहीत हं."

माझी हाक. ते हसणं. पावलं. आणि मग यंत्राच्या अगदी जवळून एक समाधानी आवाज. "हाय सायेब. हाजिर हाय."

"पुढे पण आहे," ती म्हणाली. "तुमचं नाव कोण घेतंय?"

पुढे कुंडलिक होता. त्याला जाऊन वीस वर्षं झाली, खांदा मीच दिला होता. त्याचा आवाज मी ओळखणार नाही? "लवू गंगाराम पेडणेकर, हाजिर हो!" थोडी शांतता. पुन्हा एकदा तेच. त्यानंतर नुसता पंखा आणि पानं उलटल्याचा आवाज. तिसरी हाक नव्हती. मी शेवटपर्यंत ऐकलं.

घाबरलो नाही. पुकारा झाला म्हणजे कुठेतरी साक्ष हवी आहे, आणि माझ्याकडे सांगण्यासारखं आहे. इस्त्रीचा शर्ट खुंटीला तयार असतो. फक्त एक पथ्य पाळतो. दाराबाहेरून कोणी नावाने बोलावलं, की पहिल्या दोन हाकांना ओ देत नाही.

म्हणून तर तुम्हाला मघाशी ताटकळावं लागलं. पावणेतीन झाले होते. मी पडलो होतो. तुम्ही पूर्ण नावाने हाका मारत होतात. तिसरी ऐकली, तेव्हाच उठलो.

काय म्हणता?

नुसतं दार वाजवलंत? हाक... मारलीच नाहीत?

पण मी तर दार उघडताना "हाजिर" म्हणालो.